उणे चार हजार एकशे आठ

बेरजेत दहा रुपयांची तफावत निघाली तर आपला मनुष्य ती 'निघेल कुठेतरी' असे म्हणून उदार अंतःकरणाने सोडून देतो; परंतु तक्त्याच्या माथ्यावरील मथळा मध्यापासून बोटभर डावीकडे सरकलेला दिसला की त्याच्या चित्तात जी खळबळ उडते ती पाहता, आपल्या समाजात हिशेबापेक्षा मथळ्याला, आणि मथळ्यापेक्षाही त्याच्या मधोमध असण्याला अधिक प्रतिष्ठा आहे, हे कबूल करावे लागते. मी एका कार्यालयाच्या हिशेबखात्यात उमेदवारी करीत होतो त्या काळी मथळा मध्यावर आणणे ही एक उपासनाच होती. प्रथम कागदाची रुंदी पट्टीने मोजायची, मग काना-मात्रा वगळून मजकुराची अक्षरे मोजायची, ती निम्मी करायची, मध्यबिंदूपासून तितके अंतर डावीकडे जायचे, आणि श्वास रोखून तांबड्या शाईने पहिले अक्षर काढायचे. कीर्द, खतावणी, तेरीज, ताळेबंद असे सर्व प्रकार या हातांनी लिहिले. माझ्या बेरजांविषयी वरिष्ठांनी कधी विशेष उत्साह दाखविला नाही, पण माझ्या मथळ्यांचा लौकिक शेजारच्या खात्यापर्यंत पोहोचला होता. माझ्या निरोपसमारंभात जी दोन भाषणे झाली त्या दोहोंतही तांबड्या शाईचा गौरवपूर्ण उल्लेख झाला. माझा झाला नाही.

आमचे श्रीपूर हे माळशिरस तालुक्यातील गाव. चंद्रशेखर आगाशे यांनी १९३४ साली स्थापन केलेल्या बृहन्महाराष्ट्र शुगर सिंडिकेटच्या साखर कारखान्यामुळे ते नावारूपाला आले, आणि साखरेच्या मुलखातील रिवाजाप्रमाणे येथील मनुष्य उपजतच रकान्यांत विभागलेला असतो. ऊस आडसाली, पूर्वहंगामी, सुरू की खोडवा, हा एक रकाना. क्षेत्र किती, हा दुसरा. तोडणीची टोळी कोणाची, हा तिसरा. आणि शेवटचा रकाना शेऱ्याचा, ज्यात मालकाचे कारखान्याच्या चिटबॉयशी कितपत जमते याची नोंद अदृश्य शाईने केलेली असते. अशा गावात तक्ता म्हटले की आबालवृद्धांचे डोळे चमकतात, यात नवल नाही.

आषाढी वारीत तुकोबारायांची पालखी अकलूजचे गोल रिंगण आणि माळीनगरचे उभे रिंगण आटोपून बोरगावच्या मुक्कामाला निघते तेव्हा ती श्रीपुरावरून जाते. त्या दिवशी गावात काय उणे असते? पिठलं-भाकरी, मसालेभात, शिरा, केळी, राजगिऱ्याचे लाडू, आणि पावलोपावली चहा. वारकऱ्यांना काय द्यावे हा प्रश्न आमच्याकडे कधी पडतच नाही. कोणी दिले हे कोठे लिहावे, हा पडतो. त्याच्या निवारणार्थ एक स्वागत समिती असते, समितीला अध्यक्ष असतात, आणि अध्यक्षांना तक्ता लागतो. गतवर्षापर्यंत तो मी ड्रॉइंग पेपरवर काढीत असे. यंदा ओसरीवर बैठक भरली असता अध्यक्षांनी चहाची बशी खाली ठेवली आणि फर्मावले,

"तात्या, यंदा तक्ता कॉम्प्युटरवर. एका कुटुंबाचं सगळं एकत्र दिसलं पाहिजे. आणि नाव कसं, मधोमध!"

समितीने टाळ्या वाजविल्या. मीही वाजविल्या, कारण माझ्या तांबड्या शाईच्या साम्राज्याचे विसर्जन चालू आहे हे माझ्या ध्यानी येईपर्यंत आभारप्रदर्शन होऊन गेले होते.

अकलूजला संगणकाचे शिक्षण घेणारा माझा एक भाचा आहे. बोलण्यात नम्र, हात मात्र सतत काहीतरी बडवीत असणारा. त्याला पाचारण केले. त्याने एक्सेल नावाचा कागद उघडला आणि त्यास उभे रकाने १६,३८४ व आडव्या ओळी १०,४८,५७६ असल्याची माहिती दिली. २००७ पूर्वी ओळी अवघ्या ६५,५३६ होत्या हे ऐकून त्या काळच्या लोकांनी संसार कसे रेटले असतील, या विचाराने मला गहिवरून आले. आमच्या यादीत एकंदर चाळीस नावे होती.

हा सारा खटाटोप मुळात फळ्यापासून सुरू झाला म्हणतात. अमेरिकेत हार्वर्डच्या वर्गात शिकत असलेल्या डॅन ब्रिकलिन नामक गृहस्थाने पाहिले की, गुरुजींनी फळ्यावरील एक आकडा बदलला की पुढचे सगळे आकडे पुसून नव्याने मांडावे लागतात. त्यावर तोडगा म्हणून त्याने बॉब फ्रँकस्टन याच्या सहकार्याने १९७९ साली व्हिसिकॅल्क हा आपोआप बेरजा करणारा कागद बाजारात आणला, आणि पुढे १९८५ साली मॅकिंटॉश यंत्रावर एक्सेल अवतरले. बेरजेच्या जाचातून मानवजातीला मुक्त करावे, हा त्या सत्पुरुषांचा हेतू. मानवजात मुक्त झाली, आणि जो वेळ वाचला तो मथळे मध्यावर आणण्यात खर्ची घालू लागली. त्यासाठी एक्सेलने 'मर्ज अँड सेंटर' असे एक बटणही दिले आहे. चार घरे निवडावीत, बटण दाबावे. मधल्या भिंती पडून एकच प्रशस्त दालन होते आणि मजकूर त्याच्या मध्यभागी लोडाला टेकून बसतो.

ते बटण पहिल्यांदा दाबले तेव्हा मला अक्षरशः भरून आले. तीस वर्षे मी जे पट्टीने केले ते एका टिचकीत! परंतु चाळीस नावे, त्यांची कुटुंबे, कुटुंबांच्या वस्त्या, वस्त्यांच्या वेळा, असे थर लागत गेले तसतशी टिचक्यांची संख्या वाढली आणि माझ्या तर्जनीला मुंग्या येऊ लागल्या. भाच्याने माझी कीव करून म्हटले,

"मामा, हे हातानं कोण करतं? मी कोड लिहितो. एकदा लिहिला की जन्माची ददात मिटली."

१९९३ सालापासून एक्सेलच्या पोटात व्हीबीए नावाची एक भाषा नांदते. तिच्यात आज्ञा लिहून ठेवली की तो कागद इमानी कारकुनाप्रमाणे, म्हणजे अर्थ न विचारता, ती अंमलात आणतो. भाचा लिहीत असताना मोठ्याने वाचीत होता. रेंज, कंसात ए-वन ते एफ-वन, डॉट मर्ज. इथवर मी मान डोलाविली. पुढे हॉरिझॉन्टल अलाइनमेंट बरोबर एक्सएल-सेंटर. मी विचारले, "हे एक्सएल-सेंटर कोण?"

"आतून तो एक आकडा आहे, मामा. उणे चार हजार एकशे आठ."

मध्यभागाची किंमत उणे ४१०८! मी हादरलो, आणि हिशेबनिसाच्या जन्मजात संशयाने डावीकडची व उजवीकडची किंमत विचारली. डावी बाजू उणे ४१३१, उजवी उणे ४१५२. म्हणजे कोणतीही बाजू घेतली तरी खोट आहेच. मध्यात राहणाऱ्याची तेवढी सर्वांत कमी. हे आकडे ज्याने ठरविले त्याने आपल्याकडील एखाद्या सहकारी संस्थेची निवडणूक जवळून पाहिली असावी, असा माझा दाट संशय आहे.

इतके होऊनही नाव दालनाच्या तळाशीच जाऊन बसले. कारण हॉरिझॉन्टल म्हणजे आडवे मध्य. उभे मध्य साधायचे तर व्हर्टिकल अलाइनमेंटची निराळी ओळ लिहावी लागते, आणि तिलाही पुन्हा तेच उणे ४१०८ मोजावे लागतात. अध्यक्ष डोकावून गेले आणि आपले नाव पायथ्याशी पाहून म्हणाले, "तात्या, मला खाली का बसवलं?" भाच्याने घाईघाईने ती ओळ घातली. अध्यक्ष वर सरकले. आम्ही सुटकेचा निःश्वास टाकला.

खरी मेख पुढेच होती. एक्सेल घरे एकत्र करते तेव्हा सर्वांत वरच्या, सर्वांत डावीकडच्या घरातला मजकूर तेवढा राखते. बाकीच्या घरांतील मजकूर, मग त्यात लाखाची रक्कम असो वा वडिलांचे नाव, नाहीसा होतो. एवढ्या मोठ्या संहारापूर्वी ते एक सूचना देते, हे खरे. पण घाईत मनुष्य तिच्यावर 'ठीक' म्हणूनच मोकळा होतो. हा नियम ऐकून मी अस्वस्थ झालो. विलीनीकरण आम्ही पाहिलेले नाही असे नाही. १९४८ साली आमच्या जिल्ह्यातील अक्कलकोट आणि पलीकडचे फलटण ही संस्थाने मुंबई प्रांतात विलीन झाली, तेव्हा राजांची गादी गेली तरी त्यांना तनखे मिळाले, आणि ते बंद व्हायला १९७१ साल उजाडावे लागले. आमचे महाळुंग आणि श्रीपूर मिळून एक नगरपंचायत झाली, तेव्हाही शासनाने मध्ये एक आडवी रेघ ठेवून दोन्ही नावे जपली. तेच काम एक्सेलकडे सोपविले असते तर डावीकडचे महाळुंग राहिले असते आणि श्रीपूर, तनख्यावाचून, नकाशातून गेले असते.

सातबाऱ्याची गोष्ट तर याहून बोलकी आहे. गाव नमुना सात आणि गाव नमुना बारा असे दोन नमुने एका कागदावर आणून सरकारने जो तक्ता केला, त्याहून प्रसिद्ध तक्ता महाराष्ट्रात नाही. त्यातल्या एकेका रकान्यात चुलते, पुतणे, मयत आजोबा आणि मुंबईला गेलेले काका असे सगळे दाटीवाटीने नांदत असतात, पण तेथून एखाद्याचे नाव काढायचे झाले तर फेरफार धरावा लागतो, नोटीस निघते, हरकतीला मुदत मिळते, चहापाणी होते. संगणकाला हा सुसंस्कृतपणा कोण शिकविणार?

"ही सूचना दर वेळी मध्ये येते," भाचा कुरकुरला. "बंद करतो." आणि त्याने एक ओळ लिहिली: ॲप्लिकेशन डॉट डिस्प्ले-अलर्ट्स बरोबर फॉल्स. म्हणजे यापुढे धोक्याची सूचना देऊ नये. एवढी सोपी ओळ! वार्षिक सभेत विषयपत्रिकेवरील तिसऱ्या विषयालाच 'माझी हरकत आहे' म्हणून उभा राहणारा सभासद प्रत्येक संस्थेत असतो. त्याच्यासाठी ही ओळ मिळावी म्हणून कित्येक अध्यक्षांनी आपली उभी कारकीर्द अर्पण केली असती.

मग भाच्याने अध्यक्षांच्या हुकमाबरहुकूम आज्ञा लिहिली: आडनाव आणि वस्ती जोवर तीच आहे तोवर खाली उतरत जावे, बदलले की थांबावे, आणि त्या कुटुंबाचे सगळे एकत्र करावे. त्याने हिरवे त्रिकोणी चिन्ह दाबले. पडदा क्षणभर थरथरला. चाळीस नावांचा तो गजबजलेला तक्ता आमच्या देखत एखाद्या नव्या बंगल्यासारखा प्रशस्त, मोकळा आणि निर्मनुष्य झाला.

आमच्या एका वस्तीवर चार बंधू राहतात. त्यांची वाटणी होऊन पुष्कळ वर्षे लोटली. मध्यंतरी बांधावरून कोर्टाच्या पायऱ्या झिजल्या. विहीर तेवढी सामाईक, म्हणून भांडणही सामाईक राहिले. भाऊबंदांनी, पंचांनी आणि दोन वकिलांनी जे साधले नव्हते ते कोडने निमिषार्धात साधले: चौघे बंधू एकत्र आले. एकत्र आले म्हणजे थोरला राहिला. यादी वयाप्रमाणे होती, त्यामुळे वरचे घर त्याचे. आणि 'सगळे एकत्र' या हुकमाचा एक्सेलने लावलेला अर्थ असा की, नावांप्रमाणे पदार्थही एकत्र करावेत. दुसऱ्याच्या पाचशे भाकरी, तिसऱ्याचा पाण्याचा टँकर आणि धाकट्याचा दोन पातेली मसालेभात हे सर्व अनंतात विलीन झाले. चार ओळींच्या त्या भव्य दालनात, आडवे-उभे दोन्ही मध्य साधून, थोरल्या बंधूंची दहा डझन केळी विराजमान झाली होती.

"मागे घे," मी ओरडलो.

"नाही घेता येत, मामा."

"का? कालपर्यंत येत होतं!"

"कालपर्यंत तुम्ही हातानं करत होता. कोडनं केलेलं पुसता येत नाही." आणि काही वेळाने, खाली पाहत, "मी सवयीनं सेव्हही केलंय."

माणसाने केलेले परत फिरविता येते, यंत्राने केलेले येत नाही, ही व्यवस्था कोणत्या धर्मशास्त्रातून आली मला ठाऊक नाही; पण त्या घटकेला माझ्या मनात जो आनंद दाटला तो लपविणे मला जड गेले, हे मात्र खरे. कारण मूळ यादी माझ्या वहीत होती. शाईने लिहिलेली. मी ती देव्हाऱ्यातून आणावी तशी आणली, उपरण्याने पुसली आणि भाच्यापुढे उघडली. तो पुष्कळ वेळ पाहत राहिला.

"मामा, हे 'शंकर' म्हणजे काय?"

"टँकर आहे तो."

"आणि भाकरी 'तूच्छे'?"

"पाचशे! वळणदार लिहायची पद्धत आहे आमची."

तीस वर्षे ज्या हस्ताक्षराचा लौकिक होता तो केवळ मथळ्यांपुरता होता आणि मथळ्याखालचे कोणी कधी वाचलेच नव्हते, हा शोध मला त्या दिवशी लागला.

तोवर बातमी वस्तीवर पोहोचली होती. चौघे बंधू चार वाटांनी आले. दुसऱ्याने पडद्याकडे बोट दाखवून विचारले, "काय ओ तात्या, आमच्या भाकऱ्या थापायच्या आधीच खाल्ल्या का कुणी?" तिसरा म्हणाला, टँकर परत न्यावा काय. धाकटा काहीच बोलला नाही. तो मुलाकडून पडद्याचा फोटो काढून घेत होता, आणि हे लक्षण अधिक गंभीर होते. थोरले बंधू मात्र शांत होते. "असू द्या की," ते म्हणाले, "घर एकच आहे आपलं." हे वाक्य त्यांनी वाटणीच्या वेळी उच्चारले असते तर दोन वकील उपाशी राहिले असते.

अध्यक्षांनी तडजोड सुचविली की, नावे देणगीच्या मोठेपणाप्रमाणे लावावीत. भाच्याने तसा प्रयत्न केला, तेव्हा एक्सेलने अशा आशयाचे उत्तर दिले की, हे करावयाचे तर एकत्र केलेली सर्व घरे एकाच आकाराची हवीत. श्रीपुरात सर्व घरे एकाच आकाराची! मोठमोठ्या पक्षांना जे साधले नाही ते आमच्याकडून पालखीपूर्वी व्हावे, अशी त्या यंत्राची अपेक्षा होती. मग एका सभासदाने तक्त्याला चाळणी लावून फक्त त्या वस्तीची नावे काढायला सांगितली. चारांपैकी वरची एक ओळ तेवढी बाहेर आली आणि बाकीच्या तीन आत कोंडून राहिल्या. थोरले बंधू पुन्हा म्हणाले, "मी म्हणतोच आहे."

अखेर भाच्याला एक युक्ती आठवली. भिंती न पाडता, निवडलेल्या घरांच्या मध्यावर मजकूर नुसता दिसेल असा एक प्रकार असतो. त्याला सेंटर अक्रॉस सिलेक्शन म्हणतात, आणि त्याचा आकडा, मला सांगताना आनंद होतो, अधिक सात आहे. संपूर्ण व्यवहारात नफ्याची ही पहिलीच नोंद. कोणाचे काही जात नाही, आणि मध्यभागी असल्याचा भास तर सर्वांना होतो. समितीतील अनुभवी लोकांना ही तरतूद तत्काळ पसंत पडली. दुर्दैवाने ती आडव्या घरांनाच लागू आहे. एकाखाली एक बसलेल्यांसाठी तीत काही नाही, आणि बंधू तर एकाखाली एकच असतात.

सबब ठरले की, चौघांची नावे चार ओळींत सुटी ठेवावीत. यावर दुसऱ्या बंधूंनी शंका काढली की, मग मधोमध कोण? चार ही संख्या सम; तिला मध्यावर ओळ नाही, रेघ आहे. दोघे म्हणाले मध्ये मी, उरलेले दोघे म्हणाले मध्ये कोणीही चालेल, पण ते दोघे नकोत. चहाच्या तीन फेऱ्या झाल्या. तेव्हा अध्यक्षांना स्फुरण चढले.

"पाचवं नाव घाला! तुमची बहीण आहे ना वेळापुरात? दर वर्षी लाडू पाठवते. तिचं नाव मधल्या ओळीत. वर दोन भाऊ, खाली दोन. मध्य साधला!"

चौघेही क्षणभर विचारात पडले, पण नाकारायला कोणाजवळ कारण नव्हते. वास्तविक मुलीलाही वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच वाटा, हा कायदा महाराष्ट्राने १९९४ सालीच केला होता आणि देशाने २००५ साली. परंतु या वस्तीवर त्यापूर्वीच्या एका राखीपौर्णिमेला, पुरणपोळीच्या जेवणानंतर, हक्कसोडपत्र नावाच्या कागदावर बहिणीची सही झालेली होती, आणि तेव्हापासून तिचे नाव कोठे लिहायचा प्रसंगच आला नव्हता. धाकट्याने फोन लावला, आवाज मोठा केला आणि तक्त्याची हकीकत सांगितली. बाईंनी सर्व शांतपणे ऐकून घेतले.

"म्हणजे तुम्हा चौघांच्या बरोबर मधे माझं नाव?"

"हो आक्का, एकदम मधोमध!"

"मग त्या कागदावर कशाला घालता, सातबाऱ्यावर घाला की. तिथं कडेला असलं तरी चालंल मला."

ओसरीवर कोणीतरी खाकरले. अध्यक्ष चष्मा पुसू लागले. चौघे बंधू एकमेकांकडे पाहत होते, आणि वाटणीनंतर प्रथमच त्यांचे एकमत होत असल्याचे आम्हा सर्वांना स्पष्ट दिसत होते. थोरल्यांनी सर्वांच्या वतीने ठराव मांडला.

"मधलं-बिधलं जाऊ द्या, तात्या. चौघांची नावं आपली डाव्या अंगालाच राहू द्या."

भाच्याने मान खाली घालून टाइप केले: उणे चार हजार एकशे एकतीस.